दोरीची सनद

घाटकोपर स्थानकाच्या पश्चिमेला, जेथे वर्सोव्याहून निघून अंधेरी ओलांडून आलेली मेट्रो आपला ११.४ किलोमीटरांचा प्रवास संपवते आणि उतारूंचा लोंढा जिन्यांवरून लोकलच्या फलाटांकडे वळतो, तेथून थोड्याच अंतरावर, भाद्रपदातल्या एका उघडिपीच्या संध्याकाळी मी रस्त्याच्या कडेला एक दोर ताणलेला पाहिला. बांबूंच्या दोन कैच्या, त्यांवरून गेलेला अंगठ्याएवढा जाड दोर, आणि त्या दोरावर नऊ-दहा वर्षांची एक मुलगी. दोराची टोके जमिनीत मेखा ठोकून आवळायची ही या खेळाची परंपरागत रीत. पण पदपथावर आता सिमेंटचे ठोकळे बसले असल्यामुळे मेख ठोकावी कोठे हा प्रश्न त्या कुटुंबाने एक टोक लोखंडी कठड्याला आणि दुसरे दगडांनी भरलेल्या गोणीला बांधून सोडवला होता. बाप ढोलकी वाजवीत होता, आई थाळी घेऊन गर्दीच्या कडेने फिरत होती, आणि दोघांचीही नजर क्षणभरसुद्धा मुलीवरून ढळत नव्हती.

मी तिच्या पावलांकडे पाहत राहिलो. ती दोरावर पाऊल ठेवीत नव्हती. पायाचा अंगठा आणि त्याच्या शेजारचे बोट यांच्यामधल्या खाचेत ती दोर पकडीत होती, मग टाच हळूच खाली आणीत होती, आणि टाच टेकेपर्यंत दुसरे पाऊल उचलीत नव्हती. हातात तिच्या उंचीच्या दुपटीहून लांब काठी होती. या काठीचे रहस्य असे की, वजन देहापासून जितके दूर पसरावे तितकी तोल जाण्याची क्रिया मंदावते, आणि मंदावलेल्या त्या निमिषात देहाला सावरायला अवसर मिळतो. भौतिकशास्त्राच्या पुस्तकात हा नियम सूत्ररूपाने आढळतो, आणि त्या मुलीच्या मनगटात तो सूत्रावाचून वसला होता. एकदा ती साधी चालत गेली, परतताना डोक्यावर एकावर एक तांबे होते, आणि तिसऱ्या फेरीस तिने दोरावर एक थाळी ठेवून तीवर गुडघा टेकवला आणि ती थाळी सरकवीत पलीकडची कैची गाठली. चाळीसेक माणसे उभी होती. त्यांतली निम्मी ते दृश्य दूरध्वनीत साठवून घेत होती, आणि थाळीत पडलेली नाणी मात्र मोजण्याजोगी होती.

मराठी भाषेने या कलावंतांना आपल्या पोटात किती जपले आहे, हे आठवले म्हणजे विस्मय वाटतो. अर्थमंत्र्याने अंदाजपत्रक मांडले की दुसऱ्या दिवशीच्या वर्तमानपत्रात 'तारेवरची कसरत' हा मथळा येतो. पक्ष बदलणाऱ्या पुढाऱ्याने मारलेली ती 'कोलांटउडी', आणि त्या शब्दात कोल्हाट्याचे नाव अद्याप ऐकू येते. एखाद्या गायकाने सभा जिंकली तर त्याने 'गारुड' केले असे आपण म्हणतो. संत एकनाथांनी भारुडे रचली तेव्हा वासुदेव, जोशी, गोंधळी, कोल्हाटीण अशा रस्त्यावरच्या माणसांच्या तोंडी परमार्थ घातला, कारण लोकांचे कान ज्यांच्याकडे आपोआप वळतात ती ही माणसे आहेत, हे त्या पैठणच्या महापुरुषाने ओळखले होते. भाषेने दिलेला हा मान व्यवहारात त्यांना मिळाला नाही. त्र्यंबक नारायण आत्र्यांच्या १९१५ सालच्या 'गावगाड्या'त बलुतेदार आणि अलुतेदार यांच्या पलीकडे 'फिरस्ते' म्हणून एक मोठा वर्ग येतो. त्याच्याकडे आत्रे गावकऱ्याच्या आणि महसुली अंमलदाराच्या नजरेने पाहतात, आणि ती नजर प्रेमाची नाही. गावच्या दफ्तरात ज्याच्या नावे वतन नाही, शेत नाही, घराचा उंबरठा नाही, तो दफ्तर राखणाऱ्याला नेहमीच संशयित वाटत आला. इंग्रज सरकारने या संशयाला १८७१ साली कायद्याचे रूप दिले आणि अनेक भटक्या जमातींना जन्मतःच गुन्हेगार ठरवून टाकले. स्वतंत्र भारतात तो कायदा ३१ ऑगस्ट १९५२ रोजी संपुष्टात आला.

त्यानंतर सात वर्षांनी, १९५९ साली, मुंबई राज्याने भीक मागण्यास प्रतिबंध करणारा अधिनियम केला. त्यातली भीक मागण्याची व्याख्या मी अनेकदा वाचली आहे, आणि प्रत्येक वेळी तीच जागा मला टोचते. सार्वजनिक ठिकाणी भिक्षा मागणे किंवा स्वीकारणे म्हणजे भीक, मग ते गाणे, नाचणे, भविष्य सांगणे, खेळ करून दाखवणे किंवा एखादी वस्तू विक्रीस काढणे अशा कोणत्याही मिषाने असो, असा त्या व्याख्येचा आशय आहे. म्हणजे त्या मुलीची पंधरा मिनिटांची दोरीवरची चाल ही कायद्याच्या दृष्टीने कला नाही, श्रम नाही, खेळही नाही. ते भीक मागण्याचे निमित्त आहे. पहिल्याच दोषसिद्धीला एक ते तीन वर्षे स्थानबद्धता, आणि तोच अपराध पुनःपुन्हा घडल्यास ती मुदत दहा वर्षांपर्यंत, असे त्यात फर्मावले आहे. घाटकोपरहून फार दूर नाही अशा चेंबूरला भिक्षेकऱ्यांचे शासकीय गृह आहे. दिल्लीला लागू केलेल्या याच कायद्यातील भीक मागणे हा गुन्हा ठरवणारी कलमे दिल्लीच्या उच्च न्यायालयाने ८ ऑगस्ट २०१८ रोजी घटनाबाह्य ठरवली. परंतु तो निकाल दिल्लीपुरता होता.

* * *

आता याच्या शेजारी दुसरी एक हकिकत ठेवतो, कारण ती ठेवल्यावाचून माझे म्हणणे पुरते उमटणार नाही.

सांगली जिल्ह्यातल्या अंकलखोपचे विष्णुपंत छत्रे हे गाणे शिकण्याच्या ओढीने ग्वाल्हेरीस गेले आणि हद्दूखाँसारख्या उस्तादांच्या पायाशी बसले. त्याचबरोबर त्यांनी घोडे शिकवण्याची विद्याही आत्मसात केली. १८७९ च्या सुमारास चिरिनी नावाच्या युरोपियन गृहस्थाची सर्कस मुंबईस आली असता, असा खेळ हिंदुस्थानी माणसांना साधणार नाही अशा आशयाचे बोल त्यांच्या कानी पडले आणि त्यातून पुढच्याच वर्षी, १८८० साली, 'ग्रेट इंडियन सर्कस' उभी राहिली, अशी कथा पिढ्यान्‌पिढ्या सांगितली जाते. छत्र्यांच्या मागोमाग मराठी मुलुखातून देवल, कारलेकर, शेलार अशा सर्कशी निघाल्या. शेलार सर्कशीतून घडलेले पुण्याचे दामू धोत्रे १९४० च्या दशकात अमेरिकेच्या रिंगलिंग ब्रदर्सच्या अवाढव्य तंबूत वाघ-सिंहांच्या पिंजऱ्यात उभे राहिले, आणि 'वाघ सिंह माझे सखे सोबती' हे त्यांचे आत्मकथन कित्येक मराठी घरांतल्या मुलांनी दिवाळीच्या सुट्टीत वाचून काढले.

पण मला ज्या गोष्टीचे अतोनात आकर्षण आहे ती सर्कशीची नव्हे, तर त्या तंबूतल्या गाण्याची. हद्दूखाँचे पुत्र रहिमतखाँ हे अलौकिक गळ्याचे आणि विकल मनाचे गायक. उत्तरेत हलाखीत फिरणाऱ्या या गुरुबंधूला विष्णुपंतांनी आपल्याजवळ आणले, सर्कशीबरोबर गावोगाव नेले, सांभाळले आणि लोकांपुढे गायला बसवले. पुढे रहिमतखाँ कुरुंदवाडला राहिले आणि १९२२ साली तेथेच त्यांचा अंत झाला. एकाच कनातीच्या आसऱ्याला एकीकडे झोक्यावरून उडी घेणारा कसरतपटू आणि दुसरीकडे ख्यालाचा विस्तार करणारा उस्ताद. एकाच गल्ल्यातून दोघांची भाकरी. विष्णुपंतांच्या लेखी या दोन विद्यांत उच्चनीचता असावी असे त्यांच्या आयुष्याकडे पाहून वाटत नाही. त्याच कुरुंदवाडला १८७२ साली जन्मलेल्या विष्णु दिगंबर पलुसकरांनी १९०१ मध्ये लाहोरास गांधर्व महाविद्यालय स्थापन केले. गाण्याला शाळा मिळाली, क्रमिक पुस्तके मिळाली, परीक्षा आणि प्रमाणपत्रे मिळाली, आणि ज्या विद्येच्या उपासकांना घरात घेताना सभ्य माणूस कचरत असे ती विद्या दोन पिढ्यांत मध्यमवर्गीय घरांच्या दिवाणखान्यात जाऊन बसली. दोरीला असा पलुसकर लाभला नाही. या लेखाचा सारा खटाटोप त्या एका उणिवेभोवती आहे.

खांबाला मात्र तो लाभला होता. दुसऱ्या बाजीरावाच्या दरबारी निजामाकडून आलेल्या अली आणि गुलाब या मल्लांनी आव्हान दिले, कोणी पुढे येईना, तेव्हा बाळंभटदादा देवधरांनी मुदत मागून वणीच्या सप्तशृंगीची वाट धरली आणि तेथल्या साधनेत लाकडी खांबावरची विद्या त्यांना साक्षात्काराने प्राप्त झाली, अशी आख्यायिका आहे. तिच्यात इतिहास किती आणि श्रद्धा किती हे कोणी सांगावे. पण त्या मल्लखांबाची परंपरा आखाड्यांतून अखंड चालली, १९३६ च्या बर्लिन ऑलिंपिकच्या वेळी अमरावतीच्या हनुमान व्यायाम प्रसारक मंडळाच्या पथकाने देशी व्यायामप्रकारांची प्रात्यक्षिके दाखवली, आणि २०१९ च्या फेब्रुवारीत दादरच्या शिवाजी पार्कवर मल्लखांबाची पहिली जागतिक स्पर्धा भरली. तेथील समर्थ व्यायाम मंदिराचे उदय देशपांडे यांना २०२४ साली पद्मश्री मिळाली. मुलीला दोरीच्या मल्लखांबावर चढताना पाहून मी सद्गदित झालेलो आहे. तीही अंगठा आणि बोट यांच्या चिमटीत दोर धरते. एक दोर आभाळाकडे जातो आणि दुसरा जमिनीला समांतर, एवढाच काय तो फरक. परंतु एका दोराला क्रीडाप्रकार म्हणतात, त्याला गुण असतात, पंच असतात, आणि दुसऱ्याला १९५९ चे ते कलम लागते.

गोविंदांचेही तसेच. जोगेश्वरीच्या जय जवान पथकाने २०१२ साली ठाण्यात नऊ थरांचा मनोरा रचला, आणि २०२५ च्या दहीहंडीला त्याच जोगेश्वरीच्या कोकण नगर पथकाने दहा थर लावले. खालच्या थरातल्या माणसांची मान आणि वरच्या पोराची हिंमत यांना माझे शतशः प्रणाम. २०२२ साली मुख्यमंत्र्यांनी विधानसभेत दहीहंडीला साहसी क्रीडाप्रकाराचा दर्जा जाहीर केला. थरांची उंची आणि बालगोविंदांचे वय यांवर उच्च न्यायालयापासून सर्वोच्च न्यायालयापर्यंत वर्षानुवर्षे खल झाला. खल झाला हेच महत्त्वाचे. ज्याच्या जिवाची समाजाला किंमत वाटते त्याच्या वयाबद्दल आणि उंचीबद्दल न्यायासनापुढे वाद होतो.

* * *

येथे वाचक थांबवून विचारील, आणि त्याने विचारलेच पाहिजे, की त्या नऊ वर्षांच्या मुलीचे काय? परंपरेच्या रक्षणासाठी तिने भर रस्त्यात, खाली गादी नसताना, शाळा बुडवून दोरीवर चालत राहावे असे तुम्हाला वाटते का?

मला तसे वाटत नाही, आणि या बाबतीत मी कोणतीही सवलत मागणार नाही. मूल दोरीवर का असते, याची कारणे कठोर आहेत: त्याचे वजन कमी, त्याचा तोल जमिनीलगतचा, त्याला मजुरी द्यावी लागत नाही, आणि त्याला पाहून गर्दीच्या मनात जी करुणा उत्पन्न होते ती कौशल्यापेक्षा अधिक नाणी टाकते. या शेवटच्या कारणाने तर कलेचाच घात केला आहे. कारण प्रेक्षक चालीला दाद देत नाही, दारिद्र्याला दान देतो. सर्कशींतून मुलांचे जे शोषण चालले होते त्यावर सर्वोच्च न्यायालयाने २०११ साली बोट ठेवले, आणि २०१६ च्या दुरुस्तीने बालकामगार कायद्यात चौदा वर्षांखालील मुलांना चित्रपट, मालिका, जाहिराती आणि क्रीडा यांत अटींसह काम करण्याची मोकळीक देताना सर्कस मात्र नावानिशी वगळली. निर्णय योग्यच होता. पण त्याचा परिणाम असा की, गोरेगावच्या चित्रनगरीत मालिकेच्या सेटवर रात्री दिव्यांच्या झळीत उभे असलेले मूल कलावंत ठरते, व्यायामशाळेत सहाव्या वर्षी खांबाला भिडलेले मूल खेळाडू ठरते, आणि डोंबाऱ्याचे मूल दोहोंपैकी कोणत्याच रकान्यात बसत नाही. देहाची विद्या लहानपणीच पेरावी लागते, हे जिम्नॅस्टिक्सचा कोणताही गुरू सांगेल. खाली गादी हवी, पुरेशी झोप हवी, सकाळी शाळा हवी, आणि पोटाचा भार त्या पावलांवर नको. ज्या गोष्टी खांबावरच्या मुलाला मिळतात त्याच दोरीवरच्या मुलाला मिळाव्यात, इतकेच मागणे आहे.

आणि प्रौढांनी हा खेळ का सोडला? जागा गेली, हे पहिले कारण. मुलुंड, पार्ले, घाटकोपर येथल्या चाळींना पटांगणे होती. उन्हाळ्याच्या दुपारी तेथे ढोलकी वाजली की गॅलऱ्या माणसांनी भरत आणि वरून चवल्या-पावल्यांचा, जुन्या लुगड्यांचा आणि शिळ्या पोळ्यांचा वर्षाव होई. चाळी पाडून मनोरे उठले, मनोऱ्याला फाटक आले, फाटकावर पहारेकरी आला, आणि त्याच्या पाठीमागे फेरीवाल्यांना मज्जाव करणारी पाटी लागली. पटांगणातला डोंबारी रस्त्यावर आला आणि रस्त्यावरून पदपथाच्या कडेला सरकला. मराठी मुलुखातले डोंबारी-कोल्हाटी बहुतांशी मजुरीकडे वळले. उपनगरांत अलीकडे मला भेटलेली दोरीवाली कुटुंबे छत्तीसगडातून आलेली होती, घाटकोपरचे ते कुटुंबसुद्धा. उलट अंधेरीतल्या व्यायामगृहांत आता छताला लोंबणाऱ्या रेशमी पट्ट्यांवर कसरत शिकवली जाते, तीस चांगले शुल्क पडते, आणि शिकणाऱ्या मुली सुखवस्तू घरांतल्या असतात. याचा मला आनंदच आहे. त्या वर्गांत शिकवायला दोरीवर आयुष्य काढलेली एखादी बाई कोणी बोलावली, तर तो आनंद दुणावेल.

माहीमची खाडी ओलांडली की उपनगर संपते. पण माहीमचा उरूस पाहायला दरवर्षी डिसेंबरात अर्धे उपनगर तिकडे लोटते, आणि त्या उरुसाच्या जत्रेत मी मौत का कुआँ पाहिला. फळ्या जोडून उभारलेली प्रचंड नळकांड्यासारखी विहीर, वरच्या काठाभोवती माणसांची कड, आणि आत उभ्या भिंतीवर गरगरणाऱ्या मोटारसायकली. हिशेब करून पाहिला तर, तीस फूट व्यासाच्या विहिरीत रबर आणि लाकूड यांची पकड मध्यम धरली तरी ताशी ३० किलोमीटरांच्या खाली वेग आला की स्वार घसरणार. आणि ताशी ४५ ला त्याच्या अंगावर त्याच्या वजनाच्या तिपटीहून अधिक दाब येणार. असा दाब सोशीत तो दोन्ही हात सोडतो, काठावरून कोणी पुढे केलेली दहाची नोट टिपतो, आणि खाली उतरून पुढच्या खेळासाठी साखळीला तेल घालतो. हा खेळ अमेरिकेतल्या जत्रांतून शंभरेक वर्षांपूर्वी निघाला आणि तिकडे दुर्मीळ होऊन आपल्या जत्रांत रुजला. फळी हलली तर पहिल्यांदा चाकाला कळते की कानाला, हे मी एका स्वाराला विचारले. तो म्हणाला, "कानाला. फळीचा आवाज बदलला की आम्ही उतरतो." असली विद्या कोणत्या ग्रंथालयात सापडणार?

* * *

जतनाचा एक अनपेक्षित प्रकार मात्र आपल्याकडे घडला आहे, आणि त्याची जाणीव फार थोड्यांना आहे. जिभेवर जळता कापूर ठेवणे, जिभेत त्रिशूळ आरपार गेल्याचा भास निर्माण करणे, निखाऱ्यांवरून चालणे, खिळ्यांच्या फळीवर निजणे, हे सारे जत्रेतले आणि बुवांच्या दरबारातले प्रकार आज महाराष्ट्रात सर्वांत पद्धतशीरपणे कोण शिकते आणि शिकवते, तर अंधश्रद्धा निर्मूलनाचे कार्यकर्ते. केरळ-तमिळनाडूकडे बी. प्रेमानंदांनी आणि महाराष्ट्रात १९८९ पासून डॉक्टर नरेंद्र दाभोलकरांच्या समितीने शाळाशाळांतून या प्रयोगांची प्रात्यक्षिके केली, आणि प्रत्येकामागचे कारण उलगडून दाखवले: खिळे शेकडो असले की भार वाटला जातो, निखाऱ्यावरून पाऊल झरझर उचलले तर पोळण्याइतकी उष्णता तळव्यात शिरायला वेळ मिळत नाही. २० ऑगस्ट २०१३ रोजी पुण्यात दाभोलकरांची हत्या झाली, आणि जादूटोणाविरोधी कायदा त्याच वर्षीच्या डिसेंबरात संमत झाला. त्यांच्या कार्यकर्त्यांनी चमत्काराचा पडदा फाडला, पण हस्तकौशल्य जिवंत ठेवले, हे ऋण मान्य केले पाहिजे.

मात्र त्याच वेळी मदाऱ्याची आठवण ठेवावी असे मला वाटते. बुवा आपल्या युक्तीला सिद्धी म्हणतो. मदारी टोपलीखालून कबुतर काढतो, आणि खेळ संपला की पोटावर हात मारून सांगतो की हे सगळे याच्यासाठी. त्याने कधी देवत्वाचा दावा केला नाही. त्याचे रहस्य हेच त्याचे भांडवल, आणि ते मुलाच्या कानात सांगणे हीच त्याची मृत्युपत्राची रीत. या कुळातली विद्या रंगमंचावर गेली तेव्हा तिला प्रतिष्ठाही मिळाली. पुण्याच्या जादूगार रघुवीरांच्या घराण्यात ती तीन पिढ्या चालत आली आहे. पोतराजाचे काय, याचे उत्तर देणे मला अवघड जाते. मरीआईचा गाडा घेऊन आलेला, कमरेला चिंध्यांचा घोळदार वेष बांधलेला, अंगावर आसूड ओढून घेणारा तो माणूस मुलुंडच्या वस्त्यांत अजून क्वचित दिसतो. त्याच्या पाठीवरचे वळ जतन करावेत असे मी म्हणणार नाही. आसुडाचा तो फटकारा हवेत कसा वाजतो, त्याची लय हलगीशी कशी जुळते, हे मात्र ध्वनिमुद्रित होऊन राहावे.

बाहेरच्या जगात पाहिले तर आपलेच देणे परक्या घरी मानाने नांदताना दिसते. एकोणिसाव्या शतकाच्या आरंभी लंडनमध्ये भारतीय कलावंतांनी पितळी गोळ्यांचे झेल आणि तलवार गिळण्याचे प्रयोग केले. त्यांतला रामो सामी तर घराघरांत ठाऊक झाला. १८२१ साली इंग्रज निबंधकार विल्यम हॅझलिटने या भारतीय खेळाडूंवर निबंध लिहिला, आणि चार गोळे हवेत फिरवणाऱ्या त्या माणसाच्या निर्दोष कौशल्यापुढे आपली लेखणी उणी पडते, अशी प्रांजळ कबुली दिली. तोच रामो सामी १८५० मध्ये वारला तेव्हा त्याच्या दफनाच्या खर्चासाठी त्याच्या पत्नीला लोकांपुढे हात पसरावा लागला. न्यूयॉर्कच्या कोनी आयलंडवर १९८० पासून एक लाभनिरपेक्ष संस्था जत्रेतल्या या कला सांभाळते, आणि तेथे तलवार गिळणे, अग्निभक्षण, खिळ्यांची शय्या हे विषय वर्ग भरवून शिकवले जातात. डिसेंबर २००६ मध्ये ब्रिटिश मेडिकल जर्नलने तलवार गिळणाऱ्यांच्या इजांचा अभ्यास छापला. १६ देशांतल्या ११० जणांना विचारणा झाली, ४६ जणांनी उत्तरे दिली, आणि चित्त विचलित झाले किंवा एकाच वेळी अनेक तलवारी घेतल्या तर धोका वाढतो असे त्यातून दिसले. कलावंताच्या घशाची काळजी वैद्यकाच्या सर्वांत प्रतिष्ठित पत्रांपैकी एकाने वाहिली, ही गोष्ट मला विलक्षण वाटते.

आपल्याकडे उदाहरणेच नाहीत असे नाही. कुडाळजवळच्या पिंगुळीत परशुराम गंगावणे यांनी ठाकर समाजाच्या चित्रकथी आणि कळसूत्री बाहुल्या आपल्या गुरांच्या गोठ्यात मांडून तेथे संग्रहालय केले, आणि २०२१ साली त्यांना पद्मश्री मिळाली. केरळात तलश्शेरीला, जेथून छत्र्यांनंतर सर्कशीची सारी गादी चालली, सरकारने २०१० साली सर्कशीचे विद्यालय काढले. ते फार काळ टिकले नाही, पण राज्याने ती जबाबदारी आपली मानली होती. टाळेबंदीत रॅम्बो सर्कस ऐरोलीला अडकून पडली असता तिने २०२० मध्ये आपला खेळ चित्रित करून घरोघरीच्या पडद्यांवर तिकीट लावून दाखवला. म्हणजे चिकाटी कलावंतांपाशी आहे. उणे आहे ते मान्यतेचे, आणि मान्यतेचा आरंभ माझ्या मते फार साध्या ठिकाणी आहे: त्या व्याख्येतले गाणे, नाचणे आणि खेळ करून दाखवणे हे शब्द काढून टाकावेत. त्यानंतर जिल्हाधिकारी कचेरीने उपनगरातल्या उद्यानांत आणि स्थानकांबाहेर कलावंतांना ठरावीक वेळेचा परवाना द्यावा, दोर आवळण्यासाठी जमिनीत लोखंडी कड्या बसवाव्यात, आणि मल्लखांबाच्या गुरूंनी दोरीवरच्या वडीलधाऱ्यांना आपल्या व्यायामशाळेत मानाने बोलवावे. चार कड्यांना महापालिकेचा असा कितीसा खर्च येणार?

घाटकोपरच्या डोंगरउतारावरच्या एका वस्तीत एक वृद्धा राहते. सोलापूरकडची डोंबारी, तरुणपणी डोक्यावर सात तांबे घेऊन ती दोर चालत असे, असे शेजारीपाजारी सांगतात. वृद्ध कलावंतांना शासन मानधन देते, हे कोणीतरी तिच्या नातवाला सांगितले, आणि त्याने अर्ज आणला. मी गेलो तेव्हा तो अर्ज तिच्यापुढे पडला होता. वयाचा दाखला मिळाला होता, उत्पन्नाचाही मिळाला होता. 'कलाक्षेत्रातील कार्याचे पुरावे' या रकान्यापाशी गाडी अडली होती. वर्तमानपत्रातली कात्रणे, प्रशस्तिपत्रे, छायाचित्रे यांपैकी काहीतरी जोडावयाचे होते.

"फोटू कोन काढनार व्हतं, दादा," ती म्हणाली. "आमी गावात शिरायचं आन् खेळ झाला का दुसऱ्या गावाला."

नातू म्हणाला, सरपंचाचे पत्र तरी असेल. ती काही बोलली नाही. तिने बसल्या जागीच उजवा पाय लुगड्याखालून पुढे काढला आणि माझ्यासमोर ठेवला. अंगठा आणि शेजारचे बोट एकमेकांपासून कायमची दूर गेलेली होती, आणि त्यांच्यामध्ये, पन्नास वर्षांच्या दोराने घासून केलेली, पितळी भांड्याच्या काठासारखी गुळगुळीत आणि कठीण अशी खाच होती. तिने त्या खाचेवर बोट टेकवले, आणि नातवाकडे पाहून विचारले, "ह्ये चिकटवता यील का रं कागदाला?"